कोंड्यासकट

पिठाच्या गिरणीत वाढलेल्या माणसाला गोंगाटाचे भय वाटत नाही. शांततेचे थोडे वाटते. गिरणी चालू असताना आवाज एकाएकी पडला की घरातली सगळी माणसे उठून बाहेर येत. पट्टा तरी निसटलेला असे, नाही तर इंजिनातले पाणी तरी संपलेले असे. आवाज चालू आहे म्हणजे सारे ठीक आहे, ही समजूत माझ्या अंगात लहानपणीच मुरली.

आमची गिरणी करमाळा तालुक्यातल्या एका खेड्यात होती. गावात वीज आली होती, पण तिचा भरवसा नव्हता. म्हणून अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, डिझेलवर चालणारे इंजिन ठेवले होते. धुराच्या नळीच्या तोंडाशी पत्र्याचा एक डबा बसवलेला असे. त्यातून पुक् पुक् असा आवाज निघे आणि तो पार शिवारापर्यंत जाई. खुरपणाऱ्या बाया तो ऐकून ठरवीत, की आज लवकर घरी जावे, दळण टाकावे. हा झाला बाहेरचा आवाज. आतला निराळाच. इंजिन, पट्टा, दगड आणि वरचे पत्र्याचे नरसाळे, असे चार आवाज एकावर एक रचलेले. नवखा माणूस आत आला की कानांवर हात ठेवी आणि खुणांनी बोले.

त्या कल्लोळात अण्णांना काय काय ऐकू येई, ते आठवले की अजून नवल वाटते. शाळू पडतो आहे की गहू, हे ते पाठमोरे असतानाही सांगत. दगड बोथट झाला, त्याला टाकी लावायला झाली, हे पिठाला हात लावण्याआधी त्यांना कळे. धान्यातून एखादा खडा गेला तर चार आवाजांच्या तळाशी एक बारीक टिचकी वाजते. ती त्यांनी ऐकली नाही असे कधी झाले नाही. मला जवळ उभे करून ते कानाशी तोंड आणून सांगत, “आधी इंजिन बाजूला काढ. मग पट्टा बाजूला काढ. आता उरला तो दगड. तो ऐक.” मी डोळे मिटून इंजिन बाजूला काढीत असे. सात-आठ वर्षांच्या पोराला हे जमते. मोठेपणी शिकायला गेले तर जमत नसावे.

हे सगळे अलीकडे फार आठवू लागले. त्याला निमित्त झाला ‘दशावतार’ नावाचा एक अल्बम.

पुण्यात संगणकाच्या नोकरीत असलेला माझा भाचा गेल्या उन्हाळ्यात चार दिवस राहून गेला. जाताना स्वतःचे जुने हेडफोन, हाताच्या बोटाएवढे एक यंत्र आणि आगपेटीच्या काडीच्या डोक्याहून थोडी मोठी चकती एवढे सामान माझ्या टेबलावर ठेवून गेला. “मामा, तुम्ही कादंबऱ्या लिहिता. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत एकच गोष्ट सांगणारी गाणी तुम्ही ऐकली नसतील. एकदा ऐका,” म्हणाला. अल्बमचे नाव वाचून मला वाटले, कोकणातले दशावतारी असतील. संकासुर येईल, मृदंग वाजेल. मी हेडफोन चढवले आणि तीन मिनिटांत उतरवले. ते तीन मिनिटांतच इतके मोठे होते, की पलीकडच्या खोलीतून विचारणा झाली, “गिरणी परत चालू केली की काय?”

ही विचारणा थट्टेने झाली होती. पण माझ्या डोक्यात ती राहिली, कारण ती खरी होती. तो गोंगाट माझ्या ओळखीचा होता.

या मंडळींचे नाव डीमॉनिक रिझरेक्शन. मुंबईची आहेत. साहिल मखिजा या तरुणाने २००० साली हा संच उभा केला, आणि ‘दशावतार’ २०१७ साली आला. गाणी दहा, मत्स्यापासून कल्कीपर्यंत प्रत्येक अवतारास एक. शब्द इंग्रजी. या संगीताला एकंदरीत मेटल म्हणतात. त्याच्या पोटजाती आमच्या समाजातल्या पोटजातींपेक्षा कमी नाहीत, आणि त्यांत रोटीबेटी व्यवहारावरून भांडणेही तेवढीच होतात. लांबलचक रचना, मध्येच बदलणारा ताल, एका कल्पनेभोवती गुंफलेला सबंध अल्बम, असे असले की त्याला प्रोग्रेसिव्ह मेटल म्हणायचे. जाणकार ‘दशावतार’ला भलत्याच पोटजातीत बसवतील; मला त्याचे काही नाही. दहा गाण्यांतून एक सूत्र ओढत नेणे हे काम कसले आहे ते मला माहीत आहे. सहाव्या-सातव्या प्रकरणाशी धागा हातातून निसटू लागतो.

दुसऱ्या दिवशी मी पुन्हा बसलो. या वेळी अण्णांनी शिकवले होते तसे केले. आधी ढोल बाजूला काढला. यात वाजवणारा दोन्ही पायांनी दोन पायढोल वाजवतो आणि तेही इतक्या वेगाने, की ठोके सुटे राहत नाहीत. त्यांचा एक घरघराट होतो. पट्टा चाकावरून फिरताना होतो तसा. तो बाजूला सारल्यावर गिटारी दिसू लागल्या. दोन होत्या, एक डाव्या कानाकडे, एक उजव्या. त्यांच्या मागे पाण्यासारखा पसरलेला स्वरांचा एक पडदा होता. तो पेटीच्या जातीच्या वाद्याचा, पण शंभर माणसांचा वाद्यवृंद वाटावा असा. आणि या सगळ्यांच्या वर तो आवाज.

त्या आवाजाविषयी दोन शब्द बोललेच पाहिजेत, कारण माणसे तिथेच उठून जातात. तो गायनाचा आवाज नाही. घशाच्या तळातून काढलेली ती गुरगुर आहे, आणि ती काढायलाही रियाज लागतो. नुसते ओरडणाऱ्याचा गळा आठ दिवसांत बसेल. हाच माणूस मध्येच स्वच्छ सुरात गातो, म्हणजे सूर येत नाही म्हणून गुरगुरतो असे नव्हे. मला चौथ्या गाण्यापर्यंत तो आवाज अंगावर येत होता. चौथे गाणे नरसिंहाचे. नीरा-भीमेच्या संगमावरचे नरसिंहपूर आमच्या भागातल्या कित्येक घरांचे कुलदैवत. नरसिंहाचे आख्यान मी किती कीर्तनांत ऐकले असेल त्याला गणती नाही. बुवा हिरण्यकशिपूचा संवाद म्हणतात, खांबाला लाथ मारल्याचा अभिनय करतात, आणि खांब दुभंगला की झांजा वाजतात आणि टाळ्या पडतात. गर्जना मात्र कोणी करीत नाही. ‘गर्जना केली’ असे सांगतात, आणि पुढे जातात. इथे ती झाली. अर्धा माणूस आणि अर्धा सिंह असलेल्याच्या तोंडून शब्द निघाले तर ते असेच निघतील, याबद्दल त्या क्षणी मला शंका उरली नाही. त्यानंतर त्या आवाजाशी माझे भांडण मिटले.

तालाचेही तसेच. बदलत्या मात्रांचे फार कौतुक या मंडळींत असते. सातांत वाजवले, पाचांत वाजवले. ज्याने रूपक नि झपताल ऐकले आहेत त्याला साताचे किंवा पाचाचे काय अप्रूप? आणि ज्याने नवरात्रात देवीच्या माळावर संबळ ऐकला आहे त्याला वेगाचेही नाही. पण एक गोष्ट नवी वाटली. आपल्याकडे ताल बदलला की समेवर येऊन, सांगून-सवरून बदलतो. इथे रस्त्यात खड्डा आल्यासारखा बदलतो, आणि गाडी मात्र थांबत नाही.

नवव्या गाण्याची मला उत्सुकता होती. आमच्याकडच्या जुन्या चित्रांत आणि काही देवळांच्या कोरीव कामात नवव्या जागी बुद्धाऐवजी कटीवर हात ठेवलेला विठ्ठल असतो. पंढरपूर आमच्याच जिल्ह्यात, तेव्हा मला तोच बरोबर वाटतो. यांनी बुद्धच ठेवला आहे. एवढ्या गोंगाटात बुद्ध कसा आणणार, असे मनाशी म्हणत होतो. तो आणला, कसा, ते वाचकांनी स्वतःच ऐकावे.

आता भाच्याच्या आग्रहाची दुसरी बाजू. यूट्यूबवर किंवा कुणी पाठवलेल्या फाइलीवर हे ऐकू नका, असे त्याने बजावले होते. चकतीवर जे होते ते ‘लॉसलेस’ होते. म्हणजे ज्यातून काही गाळलेले नाही असे. या शब्दाचा तो देवासारखा उच्चार करतो. मी शाळामास्तर असल्यामुळे शब्द ऐकून गप्प बसणे मला जमत नाही. त्याच्याकडून खोदून खोदून जे समजून घेतले, ते माझ्या भाषेत असे आहे.

आवाज म्हणजे हवेची लाट. तिची उंची दर सेकंदाला ४४,१०० वेळा मोजायची आणि आकडे लिहून ठेवायचे, ही १९८२ साली बाजारात आलेल्या सीडीची रीत. माणसाला सेकंदाला वीस कंपनांपासून वीस हजार कंपनांपर्यंतचे आवाज ऐकू येतात. एखादे कंपन पकडायचे तर ते निदान दुपटीने मोजावे लागते, म्हणून चव्वेचाळीस हजार. प्रत्येक मोजणीला ६५,५३६ पायऱ्यांची मोजपट्टी. असे केले की मिनिटाला सुमारे १० मेगाबाइट जागा लागते. पूर्वी ही जागा फार होती. मग जर्मनीत फ्राउनहोफर संस्थेतल्या संशोधकांनी एमपी३ काढले. त्यांची युक्ती मोठी मार्मिक. मोठ्या आवाजाच्या मागे लहान आवाज झाकला जातो. जो ऐकूच येत नाही तो कशाला ठेवायचा? टाकून द्या. असे टाकत टाकत त्यांनी सीडीचा मजकूर अकराव्या हिश्श्यावर आणला. ही चाळणी नीट बसली आहे की नाही हे पाहायला कार्लहाइन्झ ब्रँडनबुर्ग यांनी सुझान व्हेगा या गायिकेचे ‘टॉम्स डायनर’ हे गाणे पुनःपुन्हा वापरले. त्यात साथीला एकही वाद्य नाही. एकट्या बाईचा उघडा आवाज. त्याच्यामागे काही लपवता येत नाही. म्हणून चाळणीचा दोष तिथे लगेच दिसे.

लॉसलेसची गोष्ट वेगळी. त्यातले सगळ्यांत चालते ते रूप म्हणजे फ्लॅक. जॉश कोल्सन यांनी ते २००१ मध्ये लोकांपुढे ठेवले आणि फुकट ठेवले. त्यात चाळणी नाहीच. नुसते बांधणे आहे. मागच्या काही मोजण्यांवरून पुढची किती असेल याचा अंदाज करायचा, आणि अंदाज जितका चुकला तेवढेच लिहून ठेवायचे. आमच्या गावचा वाणी असेच खाते लिही. पूर्ण आकडा न मांडता ‘कालच्यापेक्षा दोन पायल्या जास्ती’. वाचताना हिशेब उलटा केला की दाणा न् दाणा परत मिळतो. बासरीची एखादी फाइल अशी बांधली की निम्म्यावर येते, कारण बासरीचा अंदाज करता येतो. ‘दशावतार’ची फाइल मात्र थोडीशीच लहान झाली. भाच्याने दोन्ही आकडे मला दाखवले. गोंगाटाचा अंदाज करता येत नाही, म्हणून तो बांधताही येत नाही. मला हे फार आवडले. पोत्यात घालून तोंड शिवायला गेले तर आतून लाथा मारणारे हे संगीत आहे.

इथे एक विषयांतर करतो. सोळा बिटांच्या या मोजपट्टीत सर्वांत हलक्या आणि सर्वांत मोठ्या आवाजात सुमारे ९६ डेसिबलचे अंतर मावते. त्याहून उंची प्रकारात सेकंदाला ९६ हजार वेळा मोजतात. हे दोन्ही आकडे ऐकून मला हसू आले, कारण करमाळ्याच्या माणसाला शहाण्णव हा आकडा नवा नाही. रावरंभा निंबाळकरांनी अठराव्या शतकात आमच्या कमलाभवानीचे देऊळ बांधले, आणि त्याचे खांब शहाण्णव, बारवेच्या पायऱ्या शहाण्णव, असे इथे लहान मूलही सांगते. मी शाळेच्या मुलांना घेऊन बारवेत उतरतो तेव्हा निम्मी मुले मोजत उतरतात, आणि वर आल्यावर कुणाचे त्र्याण्णव भरतात, कुणाचे अठ्ठ्याण्णव. भाच्याला म्हणालो, “तुमच्या साहेबांनी करमाळ्यात येऊन माप नेले असणार.” तो म्हणाला, “मामा, हे तुम्ही लिहू नका.”

मग आम्ही परीक्षा घेतली. एकच गाणे तीन तऱ्हांचे. एक बारीक चाळणीचे, म्हणजे १२८ चे, एक मोठ्या चाळणीचे, म्हणजे ३२० चे, आणि एक न चाळलेले. मी पाठ करून बसायचे, त्याने लावायचे, मी ओळखायचे. १२८ चे मी जवळजवळ दर वेळी ओळखले. त्यात धातूच्या थाळ्या पाण्याखाली वाजवल्यासारख्या होतात; किणकिण जाते आणि सळसळ उरते. पण ३२० आणि लॉसलेस यांत दहापैकी सहा बरोबर आले. नाणे उडवले असते तरी पाच आलेच असते. चांगले कान असलेल्या माणसांनाही या दोहोंतला फरक सहसा सांगता येत नाही, हे त्यानेच मग कबूल केले. “पण माहीत असते ना, की सगळे आहे म्हणून,” असे वर म्हणाला. हा युक्तिवाद श्रद्धेच्या घरातला आहे, आणि मी तो मोडीत काढला नाही.

उलट एक गोष्ट त्याच्याच मुलखातली त्याला सुनावली. न चाळलेले म्हणजे उत्तम, असे थोडेच आहे? दगड फार आवळला की पीठ गरम पडते. हात लावला तर भाजते, आणि त्या पिठाची भाकरी तुटते. ते पीठ मग कितीही जपून घरी नेले तरी काय? गेल्या तीस-चाळीस वर्षांत अल्बम तयार करणाऱ्यांना आवाज मोठा करण्याची चढाओढ लागली. हलके आणि मोठे यांतले अंतर दाबून सगळेच मोठे करायचे. २००८ साली मेटॅलिकाचा ‘डेथ मॅग्नेटिक’ आला तेव्हा त्यांच्या चाहत्यांनीच तक्रार केली, की यापेक्षा गिटार हिरो या खेळात घातलेली हीच गाणी जास्त मोकळी वाटतात. लॉसलेस फाइल जळलेले पीठही इमानाने जळकेच देते. ‘दशावतार’मध्येही काही ठिकाणी दगड जरा आवळलेला आहे, असे माझे मत. भाच्याला ते मान्य नाही.

एवढे सगळे मी कुठल्या कानांनी ऐकतो आहे, तेही सांगितले पाहिजे.

दोन वर्षांपासून वर्गात मागच्या बाकावरून आलेले उत्तर मला नीट कळेनासे झाले होते. आवाज येई, पण शब्दाचे डोके उडालेले असे. ‘साप’ म्हणाली की ‘ताप’ की ‘चाप’, ते कळत नसे. ज्या मुली हळू बोलतात त्यांना मी फळ्यावर येऊन लिहायला सांगू लागलो. त्यांना वाटले, मास्तर कडक झाले. शेवटी सोलापूरला कानाच्या डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी एका बंद खोलीत बसवून कानांत बारीक बारीक स्वर सोडले आणि एक आलेख काढला. रेघ हजार कंपनांपर्यंत सरळ चालत गेली, दोन हजारांशी जरा वाकली आणि चार हजारांशी विहिरीत उडी घ्यावी तशी खाली गेली. आठ हजारांवर थोडी वर आली. डॉक्टर आलेखाकडे बघतच म्हणाले, “गुरुजी, तुम्ही कुठल्या कारखान्यात होता का?” मी म्हणालो, “गिरणीत होतो.” चार हजारांशी असा खड्डा दिसला की तो गोंगाटाने पाडलेला असतो, हे त्यांना पुढे सांगावे लागले नाही.

कानाच्या आत शंखासारखी एक नळी असते आणि तिच्यात सुमारे पंधरा हजार केसाळ पेशी असतात. ऐकण्याचे सगळे काम त्यांचे. शाळेत आम्ही पाठ्यपुस्तकातल्या आकृतीवरून कान शिकवतो, पण एक गोष्ट त्यात ठळक छापलेली नसते. या पेशी मेल्या की माणसात पुन्हा उगवत नाहीत. पंधरा हजार ही संख्या मोठी वाटते. आमच्याकडे शेरभर शाळूत त्याहून अधिक दाणे असतात.

अण्णा साठीच्या आत जवळजवळ ठार बहिरे झाले. ज्या माणसाला चार आवाजांखालची टिचकी ऐकू येई, त्याला दारातून मारलेली हाक ऐकू येईना. घरात सगळे मोठ्याने बोलू लागले, आणि मोठ्याने बोललेले प्रेमाचे वाटत नाही, म्हणून हळूहळू बोलणेच कमी झाले. ते गिरणीत मात्र जात राहिले. दगडावर तळहात ठेवून उभे राहत. तिथे त्यांना कळे. पुढे घरोघर विजेच्या घरघंट्या आल्या, दळण कमी झाले, आणि २०१९ साली अण्णा गेले त्यानंतर गिरणी बंद झाली.

त्यांचा आवाज माझ्याजवळ आहे, पण तो वीस-बावीस सेकंदांचा. पुतणीने मोबाइलवर गिरणीत काढलेली ती चित्रफीत आहे. अण्णा मागे चालू गिरणी असताना कॅमेऱ्याकडे बघून काहीतरी सांगताहेत. मोबाइलमध्ये अशी सोय असते, की सतत चाललेला एकसारखा आवाज म्हणजे खराबी असे समजून तो तो पुसून टाकतो, म्हणजे माणसाचे बोलणे स्पष्ट यावे. मग ती फीत व्हॉट्सॲपवरून इकडून तिकडे गेली आणि प्रत्येक वेळी आणखी चाळली गेली. आता अण्णांचे बोलणे कळते. “एवढं झालं की येतोच जेवायला,” म्हणतात. गिरणी मात्र नाही. तिच्या जागी पावसाची बारीक झड लागावी तसे काहीतरी आहे. पट्टा फिरताना दिसतो, पीठ पडताना दिसते. मी कान लावून इंजिन बाजूला काढायला जातो, तर बाजूला काढायला काही नाहीच.

मूळ फीत पुतणीच्या जुन्या मोबाइलबरोबर गेली. आणि ती असती तरी, यंत्राने आवाज मुळातच पुसून मग लिहिला होता. तेव्हा त्यातूनही गिरणी परत आली नसती, असे भाचा सांगतो. त्याने दोन संध्याकाळी संगणकावर बसून पुष्कळ खटपट केली. माझ्यासमोर केली. शेवटी हेडफोन काढून ठेवला आणि चहा मागितला.

त्याच दिवशी मी त्याला कानाच्या आलेखाचे सांगितले. त्याने तो नीट पाहिला. हुशार मुलगा आहे. त्याला लगेच कळले की त्याच्या लॉसलेसमध्ये ज्या भागाचे एवढे माहात्म्य, तो भाग मामाच्या कानात शिरतच नाही. जरा थांबून म्हणाला, “मग मामा, तुम्हाला ३२० चं चालेल. जागाही कमी लागेल.” त्याच्या बोलण्यात टोचण्याचा उद्देश नव्हता, हिशेबाने ते बरोबरच होते.

पण मी गिरणीवाल्याचा मुलगा. गिरणीवाला पीठ चाळीत नाही. तो कोंड्यासकट डब्यात घालतो आणि डबा ज्याचा त्याला देतो. घरी नेल्यावर कोणी बारीक चाळणीने चाळतात, कोणी सणापुरते वस्त्रगाळ करतात, आमची आजी मुळीच चाळीत नसे. ज्याला दात नाहीत तोही चाळतो. ते ज्याचे त्याने ठरवायचे. गिरणीवालाच जर गिऱ्हाईकाचे तोंड बघून ‘या म्हाताऱ्याला कोंडा पचायचा नाही’ म्हणून आधीच चाळू लागला, तर त्याच्याकडे दळण कोण टाकील? माझा कान काय गाळतो ते माझा कान बघून घेईल. फाइलीने सगळे द्यावे. भाच्याला हे पटले की नाही ते समजले नाही. पण त्याने चकती परत मागितली नाही.

ऐकण्याला आता मर्यादा आल्या आहेत. ऐंशी डेसिबलने आठवड्याला चाळीस तास, त्याच्यावर दर तीन डेसिबलला वेळ निम्मा, असे जागतिक आरोग्य संघटनेचे माप आहे. डॉक्टरांनी माझ्यासाठी त्याहून खालचे सांगितले. मोबाइलच्या पडद्यावर आवाजाची पातळी दिसते; ती मी ठरलेल्या रेघेपुढे जाऊ देत नाही. मेटल हळू आवाजात ऐकणारा माणूस भाच्याच्या मित्रमंडळींत चेष्टेचा विषय झाला आहे असे कळते. पण हळू ऐकण्यात एक लाभ आहे. मोठ्याने लावले की नरसिंह एकदम अंगावर येतो. हळू लावले तर तो खांबात असतानाच ऐकू येतो.

एका बैठकीला एकच अवतार ऐकतो. सकाळी शाळेला जाण्याआधी, वीज असो नसो. थाळ्यांची किणकिण मला आता पूर्वीच्या निम्मीही येत नसेल. पण ती तिथे आहे हे ठाऊक असल्यामुळे मी तिच्या जागेकडे कान देतो, आणि काही वेळा ती आल्यासारखी वाटते. ती खरोखर येते की मीच ती भरून काढतो, हे डॉक्टरांना विचारायचे आहे. दिवाळीनंतर त्यांनी पुन्हा बोलावले आहे. नवा आलेख काढतील आणि जुन्यावर ठेवून बघतील.

दरम्यान भाच्याने आणखी एक चकती पाठवली आहे. स्कायहार्बर नावाच्या मंडळींचा २०१४ चा ‘गायडिंग लाइट्स’. हे केशव धर यांनी दिल्लीत सुरू केलेले काम. यांना मात्र सगळेच प्रोग्रेसिव्ह म्हणतात, पोटजातीचा वाद नाही. यात गुरगुर जवळजवळ नाही, आणि गायकाचा स्वर फार उंच जातो, असे त्याने चिठ्ठीत लिहिले आहे. उंच म्हणजे किती, ते मी त्याला विचारलेले नाही.